इनासकाकांची चौथी ओळ

रीटाचा फोन आला तेव्हा मी फार्मसीच्या काउंटरमागे उभी राहून एका आजोबांना रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या कशा घ्यायच्या ते समजावत होते. मंगळवार होता. रीटा आमच्याच हॉस्पिटलात नर्स आहे आणि माझ्या कामाच्या वेळात ती कधी फोन करत नाही, त्यामुळे स्क्रीनवर तिचं नाव दिसताच मी बोलणं अर्धवट टाकून फोन उचलला. "ज्योती, बाबा गेले," ती म्हणाली. "सकाळी चहा मागितला. मी करून आणेपर्यंत…" आजोबा गोळ्यांची पिशवी हातात धरून माझ्याकडे बघत राहिले. आणि माझ्या मनात पहिला विचार काय आला, तर रविवार. येत्या रविवारी नक्की येते, असं मी इनासकाकांना कबूल केलं होतं. त्याच्या आधीच्या रविवारीही केलं होतं. आज सहा आठवडे झाले, तो विचार डोक्यातून जात नाही, म्हणून लिहायला बसले आहे.

इनासकाका म्हणजे रीटाचे वडील. वसईतल्या एका गावचे कॅथलिक, पोस्टातली नोकरी आणि घरामागची केळीची बाग सांभाळून निवृत्त झालेले. काकू गेल्यावर रीटाने त्यांना इथे न्यूझीलंडला, टौरंगात आणलं. आमची ओळख झाली ती गणपतीत. इथल्या मराठी लोकांचा गणपती एका शाळेच्या हॉलमध्ये बसतो आणि आरतीला हार्मोनियम माझ्याकडे असते, कारण साताऱ्याला मामांच्या भजनी मंडळात मी लहानपणी वाजवलेली. त्या दिवशी पहिली आरती संपली आणि शेजारी बसलेला एक किडकिडीत म्हातारा हळूच म्हणाला, "पट्टी उंच धरलीयस. लोकांना पेलत नाही." मी सूर खाली आणला आणि खरंच, मागचे पन्नास जण मोकळ्या गळ्याने गायला लागले. नंतर प्रसाद घेताना मी मूर्खासारखं विचारलं, "तुम्ही ख्रिश्चन ना? मग तुम्हाला आरत्या कशा येतात?" त्यांनी मोदकाचा घास पूर्ण संपवला आणि म्हणाले, "मग माझी मातृभाषा काय इटालियन आहे?" मी इतकी ओशाळले की त्यांनाच माझी दया आली. "येत जा घरी," म्हणाले. "हार्मोनियम आणलीय वसईहून, पण ऐकायला माणूस नाही."

तेव्हापासून रविवारी दुपारी त्यांच्या गराजमध्ये आमची बैठक सुरू झाली. रीटा गाडी बाहेर काढून द्यायची, काका दोन खुर्च्या मांडायचे, मोज्याला अंगठ्यापाशी चिमटा काढून वर जॅन्डल्स, म्हणजे इथल्या रबरी चपला, अडकवून यायचे आणि कोपऱ्यावरच्या डेअरीतून, म्हणजे इथल्या वाणसामानाच्या दुकानातून, आणलेल्या बिस्किटांचा पुडा मध्ये ठेवायचे. ते वसईची मराठी भक्तिगीतं वाजवायचे, मी अभंग. मला चिडवणं हा त्यांचा आवडता उद्योग होता. पोपचं तुमच्यावर भारी राज्य बाई, असं मी एकदा म्हटलं, तर म्हणाले, "तुझ्यावर नाही? औषधाच्या डबीवर एक्सपायरीची तारीख बघून देतेस, ते कॅलेंडर कुणाचं? पोपनेच लावून दिलेलं. त्या वेळी मधले दहा दिवस असे उडवले की लोक चार तारखेला झोपले आणि पंधराला उठले." दुसऱ्या एका दिवशी मी त्यांच्याबरोबर भक्तिगीत गायला लागले, तर थांबून गंभीर चेहऱ्याने म्हणाले, "शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी एका पोपने बायकांना चर्चच्या गायनात उभं राहायची मनाई केली होती. ढोलही नको म्हणाले होते. तू आणि ढोल, दोघं बाहेर." "मग आता?" "आता दोघं आत. नंतरच्यांनी शहाणपणा केला." मी त्यांना बिस्कीट फेकून मारलं होतं, तेही आठवतं. वडिलांच्या वयाच्या माणसाला.

मागल्या वर्षी नव्या पोपची निवड झाली, तेव्हा मी गंमत म्हणून इंडियन दुकानातून पेढे घेऊन सकाळीच त्यांच्याकडे गेले. टीव्हीवर पांढरा धूर पुन्हा पुन्हा दाखवत होते, चौकात लोक रडत होते. काकांनी मात्र पेढ्याला हात लावला नाही. मला वाटलं, पेढ्यांची थट्टा आवडली नाही. तसं नव्हतं. "त्या खिडकीतून एक माणूस काही बोलतो," ते टीव्हीकडे बघत म्हणाले, "आणि वसईतल्या एका माणसाचा आवाज बंद होतो… माझ्या वडिलांचा झाला." इतकी वर्षं ओळख असून त्यांनी वडिलांचा विषय कधी काढला नव्हता. त्या सकाळी पहिल्यांदा काढला, टीव्हीचा आवाज बंद करून.

त्यांचे वडील पेद्रूमास्तर चर्चचे गायनमास्तर होते. तेव्हा जगभर मिस्सा, म्हणजे चर्चमधली मुख्य उपासना, लॅटिनमध्ये व्हायची, रोममध्ये जी गाणी तीच वसईत. बागेत राबणाऱ्या, चौथीच्या पुढे न शिकलेल्या माणसांना पेद्रूमास्तर ती लॅटिन गाणी शिकवायचे. एका वहीत त्यांनी लॅटिन शब्द देवनागरीत उतरवले होते, वर दो-रे-मी. अर्थ फारसा कुणाला कळायचा नाही, पण सूर नेमका लागायचा. आणि गावाच्या गळ्यातून पिढ्यान्‌पिढ्या जाता जाता त्या रोमच्या चालींना गावची वळणंही लागली होती. मग साठच्या दशकात रोमला मोठी परिषद भरली आणि पोपनी लोकांच्या भाषेत उपासना करायला मोकळीक दिली. काका तेव्हा सोळा-सतरा वर्षांचे. त्यांना अंगात वारं भरल्यासारखं झालं. देवाशी आपल्या भाषेत बोलायचं! त्यांनी हार्मोनियम उचलली, मित्रांनी तबला आणि ढोलकी, वर्षभरात मराठी गाणी बसली, तरुण पोरं चर्चमध्ये गर्दी करायला लागली. पेद्रूमास्तरांनी वही मिटली आणि ते शेवटच्या बाकावर जाऊन बसले. नंतर वीस वर्षं ते रोज चर्चला आले, पण त्यांनी चर्चमध्ये तोंड उघडलं नाही. मुलाशी भांडले नाहीत, एक शब्द वावगा बोलले नाहीत. काकांच्या मते ते भांडले असते तर बरं झालं असतं.

"जायच्या आदल्या दिवशी त्यांनी मला जवळ बोलावलं," काका म्हणाले. शवपेटी चर्चच्या दारातून बाहेर नेताना म्हणायचं एक छोटं लॅटिन गाणं आहे, चार ओळींचं. वही मिटेपर्यंत पेद्रूमास्तरांनी गावातल्या प्रत्येकाला ते गाऊन पोचवलं होतं. "म्हणाले, इनास, मला नेताना तेवढं म्हण. मी हो म्हणून मान हलवली. आणि दुसऱ्या दिवशी म्हटलं नाही… मराठीच म्हटलं. इतकी वर्षं मराठीसाठी झटलो, माझीच गायनातली पोरं मागे उभी, त्यांच्यासमोर लॅटिन कसं म्हणू, असं वाटलं. पोपनी लॅटिन बंद करा म्हटलं नव्हतं गं. आमचे फादरही नको म्हणाले नव्हते. नको मी म्हटलं." पेढ्यांचा पुडा तसाच पडून होता. मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "तुला सरगम लिहिता येते. ती चाल आता माझ्या एकट्याच्या गळ्यात उरलीय. मी शिकवतो, तू लिहून घे. मला नेताना वाजव. वडिलांचं राहिलेलं तेवढंच मला करता येण्यासारखं आहे." मी हो म्हटलं. कुणीही म्हटलं असतं.

शिकायला लागलो तेव्हा थंडी सुरू झाली होती. पहिली ओळ एका रविवारी झाली, दुसरी दोन रविवारांत. साधी वाटणारी चाल होती, पण प्रत्येक ओळीच्या शेवटी सूर खाली उतरताना एक हलका झोल घ्यायचा, तो मला पटकन जमेना. वसईच्या त्या गावाखेरीज तो झोल कुठेच नसणार. वही त्यांच्या मांडीवर असायची, साडीच्या दुकानाच्या जुन्या प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळलेली. माझ्या हातात त्यांनी ती कधी दिली नाही. ते म्हणायचे आणि मी माझ्या वहीत लिहायचे. तिसरी ओळ झाली, त्यानंतर मात्र गाडी पुढे सरकेना. तिसरी संपली की काकांना खोकला यायचा, किंवा चहा आठवायचा, किंवा झोल पुन्हा एकदा घोटून घे म्हणायचे. "आज पुरे. चौथी पुढच्या खेपेला." दम तर त्यांना लागायचाच, हृदयाचं दुखणं होतं. मग माझ्या मागेही व्याप लागले. फार्मसीत माणसं कमी, रविवारच्या ड्यूट्या, मुलीचं पोहणं, कुणाचा तरी वाढदिवस. "काका, पुढच्या रविवारी नक्की." "ये ये, मी कुठे जातोय," ते फोनवर म्हणायचे. असे चार रविवार मी घालवले. गराज माझ्या घरापासून गाडीने दहा मिनिटांवर होतं.

अंत्यविधीच्या आदल्या दिवशी मी चर्चमध्ये गेले. इथले फादर म्हातारे आहेत, न्यूझीलंडचेच, मायाळू माणूस. "किया ओरा, ज्योती," असा माओरी नमस्कार करत त्यांनी माझे दोन्ही हात हातात घेतले. मी त्यांना खरं ते सांगितलं, की माझ्याकडे तीनच ओळी आहेत. ते आत जाऊन एक जाडं पुस्तक घेऊन आले. गाणं त्यात होतंच. रोमने छापलेली अधिकृत चाल, चारही ओळींची. "यूज धिस फॉर द लास्ट लाइन, डियर," ते म्हणाले. "नो वन विल नो." रीटालाही पटलं. तिचे डोळे सुजलेले होते. "हीप्स ऑफ लोक येणारेत गं, तू उगीच टेन्शन घेऊ नकोस. बाबांना चालेल." मग मी ती छापील ओळ घरी नेली आणि बसवली.

चर्च भरलं होतं. वसईची पाच-सहा कुटुंबं हॅमिल्टन आणि ऑकलंडहून आली होती, रीटाच्या वॉर्डातल्या नर्स होत्या, गणपतीला येणारे आम्ही सगळे होतो. मिस्सा इंग्रजीत झाली, मध्ये दोन मराठी गाणी, काकांनीच कधीकाळी चाल लावलेली. शवपेटी उचलली तशी मी भाता उघडला. तीन ओळी झोलासकट नीट वाजल्या. शेवटच्या बाकावर वसईची एक म्हातारी बाई पहिल्याच ओळीला उभी राहिली आणि पुटपुटायला लागली. चौथी ओळ मी पुस्तकातली वाजवली, आणि ती थांबली. माझ्याकडे बघत राहिली. फादर म्हणाले होते कुणाला कळणार नाही, पण त्या बाईला कळलं आणि मला कळलं. तोवर शवपेटी दाराबाहेर गेली होती. बाहेर सगळे मला म्हणाले, छान झालं. मी गाडीत बसून मोठ्याने रडले. ज्या एका गोष्टीसाठी त्या माणसाने माझ्यावर भरवसा टाकला, ती मी दुसऱ्याच्या तुकड्याने सांधून दिली होती. ती बाई नंतर चहाला भेटली. मी तिला विचारलं, चौथी ओळ येते का हो? तिने नाही म्हणून मान हलवली. "ती आम्हांला कुठली येणार? ती आम्ही नुसती ऐकायचो."

तिच्या म्हणण्याचा अर्थ मला त्या दिवशी लागला नाही. लागला तो तीन आठवड्यांनी, रीटा घरी आली तेव्हा. काकांचं कपाट आवरताना तिला ती प्लास्टिकची पिशवी सापडली होती. "ही तुझ्याकडेच असू दे," म्हणाली. "मला यातलं काही वाचता येत नाही." वही उघडली तेव्हा पानं तपकिरी झालेली, कडा मोडायला आलेल्या. ते गाणं शेवटच्या पानावर होतं. सुबक देवनागरीत चार ओळी. पहिल्या तिन्हींवर दो-रे-मी लिहिलेले, मी शिकले तसेच. चौथीवर काहीच नाही. समासात पेन्सिलीने, त्याच अक्षरात, एक टीप होती. 'चौथी ओळ इनास, एकट्याने. सूर लिहायची गरज नाही.'

मी ते रीटाला वाचून दाखवलं. दहा-बारा वर्षांचे असताना काका गावातल्या प्रत्येक अंत्ययात्रेत ती ओळ एकटे गात असणार, मोठी माणसं तीन ओळी म्हणून थांबत असणार आणि मग त्यांचा कोवळा आवाज निघत असणार. त्यांनी हार्मोनियम उचलली त्या वर्षापासून ती ओळ गावात कुणी म्हटली नाही. पेद्रूमास्तरांनी ती दुसऱ्या कुणाला दिलीच नाही. रीटाने वही स्वतःकडे ओढली. "म्हणजे बाबांना ती शिकवायचीच नव्हती?" तिने विचारलं. "शिकवायची होती गं," मी म्हटलं. "त्यांना ती म्हणवत नव्हती." तिने पानावर हात ठेवला आणि ओक्साबोक्शी रडली, अंत्यविधीच्या दिवशीही रडली नव्हती तशी.

यातून माझी सुटका झाली असं मला वाटत नाही. त्या चार रविवारांपैकी एखाद्या रविवारी, मी समोर नुसती बसले असते तरी, कदाचित त्यांच्या तोंडून ती निघाली असती. वडिलांना द्यायची राहिलेली ओळ त्यांना एकदा तरी मोठ्याने म्हणता आली असती. आता ते कळायचा मार्ग नाही, आणि हे मला जन्मभर सलणार आहे.

त्यांची हार्मोनियम रीटाने गराजमध्येच ठेवली आहे, आणि खुर्च्याही दोनच. आता मी एकही रविवार चुकवत नाही. रीटा गाडी बाहेर काढते आणि दाराशी उभी राहते. मी पहिल्या तीन ओळी वाजवते, झोल घेऊन, आता तो न चुकता जमतो. फादरच्या पुस्तकातली चौथी ओळ पुन्हा कधी वाजवली नाही. तिसरी संपली की मी पट्ट्यांवरून हात उचलते, आणि एका ओळीला लागेल तेवढा वेळ भाता नुसता हलवत राहते. आत हवा ये-जा करत असते, तेवढाच आवाज येतो.