आबांचं प्रेशर आणि मामांचं अपील

आपल्याविरुद्ध लढणाऱ्या माणसाच्या तब्येतीला माझ्या बायकोच्या साक्रीच्या मामांइतकं जपणारा पक्षकार धुळे-जळगाव जिल्ह्यांत दुसरा नसेल. मळ्यात जाणाऱ्या गाडीवाटेवरून त्यांचा शेजारच्या आबांशी दावा आहे. साक्रीत मामा हरले आणि धुळ्याला अपिलात गेले, त्याला अकरा वर्षं झाली. कधी वकील आजारी, कधी मुदतीचा अर्ज. मामा सत्तरीत, आबा ऐंशीला टेकलेले. आबा वारले तर त्यांचे सगळे वारस रेकॉर्डवर आणावे लागतील, त्यात दोन वर्षं जातील, असं वकील एकदा सहज बोलून गेले. आबांना सहा मुलं. दोन सुरतेला, एकाचा पत्ता घरच्यांनाही ठाऊक नाही. त्या दिवसापासून मामांची झोप उडाली.

आबांना खोकला झाला की मामा त्यांच्या आधी दवाखान्यात हजर. बाजारात आबांच्या हातात भजी दिसली की मामा लांबूनच अहिराणीत बजावत, "आबा, कोर्टनी तारीख शे." तारखेला दोघं एकाच एसटीने धुळ्याला जात. खिडकीची जागा आबांची; वारा लागू नये म्हणून काच मामा लावत. कोर्टाच्या व्हरांड्यात ते पिशवीतून प्रेशर मोजायचं मशीन काढून आबांच्या दंडाला पट्टा बांधत.

"वाटनं नाव सोड, भाऊ, मंग शंभर वरीस जगसू," आबा म्हणत.

"शंभर नको. निकाल लागस तोवर जगा, बस."

शेवटी, अपील लवकर निकाली काढण्याचा हुकूम मिळावा म्हणून मामा हायकोर्टाच्या खंडपीठात गेले. तिथल्या वकिलांनी घाईचं कारण विचारलं. वय ठीक, पण आजारपणाचे काही कागद? मामांना साधी सर्दीही होत नसे. त्यांनी पिशवीतून आबांची फाइल काढली. रक्ताचे रिपोर्ट, डॉक्टरांच्या चिठ्ठ्या, सगळं तारखेवार लावलेलं, अपिलाच्या कागदांपेक्षा नीट. आबांच्या संमतीशिवाय हे जोडता येणार नाही, असं वकील म्हणाले. मामा साक्रीला परतले ते थेट आबांच्या ओट्यावर. आबांनी ऐकून घेतलं, थोडा विचार केला.

"जोडी दे. पन गोळ्यास्नी चिठ्ठी वापस लई येजो."

सहा महिन्यांत अपिलाचा निकाल द्यावा, असा हुकूम झाला. मामांची काळजी दुप्पट झाली. आता मुदत ठरली होती आणि तेवढे दिवस आबांना निभावून न्यायचं होतं. सकाळ-संध्याकाळ ते मशीन घेऊन शेजारी जाऊ लागले, गोळीची आठवण करून देऊ लागले.

मागच्या आठवड्यात धुळ्याला युक्तिवाद संपला तेव्हा मी बरोबर होतो. निकालाची तारीख वहीत लिहून मामा व्हरांड्यात आबांजवळ बसले आणि पट्टा बांधू लागले. आबा समोरच्या गर्दीकडे पाहत होते.

"निकाल लागना की मंग माले गोळीनी याद कोन करी दी, भाऊ?"

मशीनवर आकडा आला, नेहमीचाच. मामांनी पट्टा सोडला आणि पुन्हा बांधला.