ताटाची डावी बाजू

सिंगापुरात हार्बरफ्रंटच्या एका ऑफिसात मला घेतलं होतं भाषा-सल्लागार म्हणून. टीव्ही मालिकेतल्या मराठी कुटुंबाने काय खावं, कुणाला काय हाक मारावी, एवढंच सांगायचं. मला मात्र लिहायचं होतं. मुख्य लेखक होते सत्तरी ओलांडलेले एक हंगेरियन गृहस्थ. त्यांच्यामागे लागून लागून मी एक प्रसंग लिहायची परवानगी मिळवली. जमला तर लेखकांमध्ये जागा, नाही तर पुन्हा तोंडाला कुलूप.

प्रसंग साधा होता. मुलाने परस्पर सिंगापुरात कायमचं राहायचं ठरवलंय आणि पुण्याहून आलेल्या आईला ते कळलंय. मी दोघांना पोटभर बोलू दिलं. म्हातारबुवांनी कागदावरचे संवाद तळहाताने झाकले आणि विचारलं, "आता ही बाई काय करते?"

ती काहीच करत नव्हती. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

मग त्यांनी स्वतःची कथा सांगितली. बुडापेस्टमध्ये त्यांच्या पहिल्याच चित्रपटातल्या एका प्रसंगाचे सगळे संवाद सरकारी साहेबाने कापले. यांनी प्रसंगातल्या बाईला नुसते बटाटे सोलायला बसवलं, आणि थिएटरात लोक रडले. पुढचे दोन चित्रपट डब्यातच राहिले. मग वर्षानुवर्षं टीव्ही मालिकांनी घर चालवलं, आणि उतारवयात ते लेकीपाठोपाठ इथे आले. "त्या साहेबासारखा गुरू पुन्हा भेटला नाही," असं म्हणून ते खो खो हसले. मला काडीचंही हसू आलं नाही.

संध्याकाळी मी चोआ चू कांगला घरी आले, तर तिथे सकाळपासून नवऱ्याशी अबोला. मी त्याचं ताट वाढलं: पोळी, भाजी, आमटी, भात. तो उठला, लिंबू चिरलं, एक फोड आपल्या ताटात डावीकडे ठेवली आणि एक माझ्या. तेव्हा कुठे माझ्या लक्षात आलं, मी त्याला मीठ, लिंबू, चटणी काहीच वाढलं नव्हतं. आमच्याकडे भांडण असंच तर होतं! माझी आईसुद्धा रागावली की ताटाची डावी बाजू कोरडी ठेवायची.

"मला लिहायचंय," मी म्हणाले.

"अगं, आधी जेव तरी!"

दुसऱ्या दिवशी नवा प्रसंग दिला. आई मुलाला वाढते, डावी बाजू रिकामी. म्हातारबुवांनी वाचून विचारलं, "मग?" इथेच मी माती खाल्ली होती. हे साऱ्या जगाला ठाऊक असतं असं धरून चालले होते. मी समजावून सांगितलं. "मग आदल्या प्रसंगात भरलेलं ताट दाखव," ते म्हणाले, "रिकामं आपोआप कळेल."

तसं लिहिलं. पानं निर्मातीकडे गेली. ती इथलीच चिनी बाई, मोजकं बोलणारी. वाचून झाल्यावर वाक्याला इथला 'लाह' जोडत म्हणाली, "नवा भाषा-सल्लागार शोधायला लागणार, लाह."

गेली नोकरी! मी पर्स उचलली.

"निघालीस कुठे?" म्हातारबुवा म्हणाले. "पुढचा भाग कोण लिहिणार?"