काळ्या कपड्यांतले अंकल

“काळे कपडे घातले की माणूस नसतो,” असं म्हणून अंकल टेबलावर एक बोट आपटायचे. विषय संपला, असा त्याचा अर्थ.

बुकित बातोकला आमच्या ब्लॉकखाली त्यांचं कपडे ऑल्टर करायचं दुकान होतं. सिंगापुरात वयाने मोठा दिसेल तो अंकल, म्हणून सगळा ब्लॉक त्यांना अंकल म्हणायचा. होते जपानी. तरुणपणी तिकडे काबुकी नाटकांत अंगभर काळे कपडे आणि तोंडावर काळा पडदा घेऊन नटाच्या मागे बसायचं काम करत. नटाला पंखा द्यायचा, स्टूल सरकवायचं, भर रंगमंचावर कपडे बदलून द्यायचे. हा माणूस प्रेक्षकांना ढळढळीत दिसतो, पण तो नाहीच असं सगळ्यांनी धरून चालायचं, ही तिथली फार जुनी रीत. पुढे इथल्या मुलीशी लग्न करून ते सिंगापूरकर झाले. बायको गेल्यावर दुकान आणि एक मुलगी उरली.

मी पुण्याचा, आयटीतला. पँट आखूड करायला गेलो आणि दर शनिवारी जाऊन बसायला लागलो. काबुकी सुरू केलं ते एका बाईने, नदीच्या कोरड्या पात्रात नाचून. मग सरकारने बायकांनाच बंदी घातली आणि पुरुष बायकांची कामं करू लागले, हे मला त्यांच्याकडून कळलं. मीही मागे कशाला राहू? आमच्या संगीत नाटकांतल्या शालू नेसणाऱ्या पुरुषांची भरपूर बढाई मारली.

“त्यांना शालू कोण नेसवायचं?” अंकलनी विचारलं.

मला माहीत नव्हतं.

“मग तो कामाचा माणूस असणार,” ते म्हणाले.

दोन हजार चौदा-पंधराची गोष्ट असेल. त्यांची मुलगी मरीन परेडला राहायची आणि जपानी नृत्य शिकवायची. तिने कम्युनिटी क्लबच्या हॉलमध्ये काबुकीतलं एक नृत्य करायचं ठरवलं. त्यात नाचता नाचता निळा किमोनो गळून आतला लाल दिसतो, डोळ्याचं पातं लवायच्या आत. ही जादू म्हणजे कच्चे टाके. वरचा किमोनो नुसता टाचलेला असतो आणि प्रत्येक दोऱ्याच्या टोकाला मण्याएवढी गाठ असते. मागचा काळ्या कपड्यांतला माणूस त्या गाठी ठरलेल्या क्रमाने ओढतो. एक जरी अडकली तरी नर्तकी अर्धी सोललेली उभी राहते, चारशे लोकांसमोर. हे काम अंकल करणार होते.

एका शनिवारी त्यांनी सुई माझ्यापुढे धरली आणि दोरा ओवायला सांगितलं. पुढच्या शनिवारी पुन्हा. तिसऱ्यांदा मी सुईकडे न बघता त्यांच्या हाताकडे बघितलं. उजवा हात थरथरत होता, आणि थांबत नव्हता.

“मुलीला सांगू नकोस,” ते म्हणाले. “ती नाच रद्द करेल. मग दुकान बंद करेल.”

मी शब्द दिला. त्या दिवसापासून माझी झोप उडाली. सांगावं तर म्हातारा संपतो, न सांगावं तर मुलीची फजिती. शेवटी मीच मधला मार्ग काढला: गळलेला किमोनो उचलायला म्हणून मलाही काळे कपडे घालून मागे बसवा. ते तयार झाले, आणि नुसतं उचलायचं काम असूनही गाठींचा क्रम मला शिकवला. डावा खांदा, उजवा खांदा, बाह्या, मग कंबर. शिवणयंत्रावर जुना किमोनो टांगून आठ शनिवार मी गाठी ओढत होतो.

कार्यक्रमाच्या दिवशी आम्ही दोघं तिच्या पाठीमागे गुडघ्यांवर बसलो. बाजूला एक जण फळीवर लाकडी ठोकळे आपटत होता, आणि त्यांची गती वाढत चालली होती. डावा खांदा सुटला. उजवा सुटला. बाह्या सुटल्या. कमरेच्या गाठीवरून अंकलची बोटं एकदा घसरली, दुसऱ्यांदा घसरली. पडद्याआड त्यांचा श्वास मला ऐकू येत होता. तिला वळायला दोन ठोके उरले असताना त्यांनी माझा हात धरला आणि त्या गाठीवर ठेवला.

मी ओढली. निळं खाली, लाल वर. टाळ्यांनी हॉल दणाणला आणि मुलीला काही म्हणजे काही कळलं नाही.

इथे थांबलो असतो तर मी शहाणा. पण तुम्हाला आपली माणसं ठाऊक आहेत. आमच्या इथल्या मराठी मंडळाच्या कपाटात शाली कायम घडी घालून तयार असतात. मंडळाची दहाबारा माणसं प्रेक्षकांत होती आणि त्यांना शाल-श्रीफळ आणायला मीच सांगून ठेवलं होतं. पडद्यामागच्या कलाकाराचा सत्कार नको का? मी अंकलना ओढत रंगमंचाच्या मधोमध आणलं, त्यांच्या तोंडावरचा पडदा स्वतःच्या हाताने वर केला, आणि त्यांच्या हातात नारळ ठेवला.

नारळ हलायला लागला. त्यांनी दुसरा हात खाली लावला, तरी हलत राहिला. चारशे लोक बघत होते. मुलगीही बघत होती.

महिन्याभरात दुकान बंद झालं आणि मुलगी अंकलना मरीन परेडला घेऊन गेली. मी फोन केले, त्यांनी घेतले नाहीत. बरोबरच होतं. दिलेला शब्द मी जिभेने पाळला आणि नारळाने मोडला.

वर्षाने मुलीचा फोन आला. नाच पुन्हा होता आणि टाक्यांचा क्रम दुसऱ्या कुणाला येत नव्हता. मी गेलो. अंकल पहिल्या रांगेत बसले होते, हात शालीखाली. आमचीच शाल. नाच संपेपर्यंत त्यांनी माझ्याकडे एकदाही बघितलं नाही. म्हटलं, राग गेलेला नाही.

दुसऱ्या दिवशी मुलीने सांगितलं, टॅक्सीत तिने त्यांना विचारलं होतं, मागचं काम कसं झालं?

“मागे?” ते म्हणाले होते. “मागे कुणी दिसलं नाही मला.” आणि टॅक्सीच्या काचेवर एक बोट आपटलं होतं.

त्यानंतरच्या कार्यक्रमाला पहिल्या रांगेतली ती खुर्ची मुलीने रिकामी ठेवायला लावली. अंकल जाऊन दोन महिने झाले होते. मी टाके क्रमाने ओढले, एकही अडकला नाही. पडद्याआड मी भरपूर रडलो. काळ्या कपड्यांत ते चालतं.