पुढचा डावा, निळ्या खडूत

गाडी थांबेना. मी ब्रेक पार खाली दाबून धरला होता आणि गाडी उतारावरून खालीच चालली होती, हळूहळू, आवाज न करता, स्टिअरिंग फिरवलं तरी तोंड सरळच, आणि खाली उतार संपतो तिथे स्टॉपवर बस उभी, माणसं चढतायत. मागच्या सीटवर साडेतीन वर्षांची ईरा. मी हॉर्न वाजवला की नाही ते आठवत नाही. ‘अप्पा, अप्पा’ असं ओरडले ते आठवतं. देवाचं नाव आलं नाही, नवऱ्याचं आलं नाही, तिकडे कराडला बसलेल्या सासऱ्यांचं आलं. मग पुढचं चाक कडेच्या बर्फाच्या ढिगात घुसलं आणि गाडी थांबली. बस हातभर लांब होती. मागून ईरा म्हणाली, “नोखमाल!” म्हणजे जर्मनमध्ये पुन्हा एकदा. तिला घसरगुंडी वाटली होती...

ही जानेवारीतली गोष्ट. अप्पा गेले त्याला आता पाच आठवडे झाले. सकाळी नणंदेचा फोन आला, चहा पिऊन खुर्चीत बसले ते उठलेच नाहीत. माझा नवरा सागर त्याच दिवशी निघाला. माझं आणि ईराचं राहण्याचं कार्ड रिन्यूअलला दिलेलं, देशाबाहेर पडलो तर परत येता येईल की नाही कुणी सांगेना, म्हणून आम्ही दोघी इथेच राहिलो. शेवटचं तोंड बघितलं नाही. मला लिहिता फारसं येत नाही, दहावीनंतर माझी शाळा सुटली. पण अप्पांबद्दल कुणाला तरी सांगितल्याशिवाय मला चैन पडत नाहीये.

अप्पांचं कराडला टायर रिमोल्डिंगचं दुकान होतं. घाटात चालणाऱ्या ट्रकांचे झिजलेले टायर यायचे, त्यावर नवं रबर चढवून साच्यात घालायचे. साच्यातून निघालेल्या टायरला बारीक बारीक रबरी केस असतात, चार दिवस रस्त्यावर चालला की गळून जातात. अप्पा त्याला जावळ म्हणायचे. “बाळ नवीन आहे, जावळ आहे अजून,” असं गिऱ्हाइकाला सांगायचे. त्यांना इंग्रजी वाचता यायचं नाही. पण टायरवर अंगठा फिरवला की टायरचं सगळं वय सांगायचे.

गेल्या सप्टेंबरात ते तीन महिन्यांच्या व्हिसावर आमच्याकडे आले. आम्ही जर्मनीत डार्मश्टाटच्या पुढे चढावरच्या एका गावात राहतो. सागर इंजिनियर आहे, एका कंपनीत गाड्यांच्या दरवाजांचं काम करतो. गाडी आम्ही भारतात परत जाणाऱ्या एका मराठी कुटुंबाकडून घेतली होती, तिच्याबरोबर थंडीचे चार टायर तळघरात, म्हणजे केलरमध्ये, ठेवलेले मिळाले होते. इथे ऑक्टोबर ते ईस्टर थंडीचे टायर लावायचे असा सगळ्यांचा हिशोब. ऑक्टोबरात सागर ते लावायला बसला तर अप्पा म्हणाले, “थांब. यावर डोंगर नाही.”

“कसला डोंगर?”

“रस्त्यावर उभ्या असलेल्या सगळ्या गाड्यांचे टायर बघितले मी फिरताना. सगळ्यांवर एक चित्र आहे. तीन शेंड्यांचा डोंगर, आणि त्याच्या आत बर्फाचं फूल. तुझ्या टायरवर नुसती अक्षरं आहेत.”

“एम प्लस एस लिहिलंय अप्पा. मड अँड स्नो. चिखल आणि बर्फ. चालतात हे. आणि खोली बघा किती आहे.” सागरनं दोन युरोचं नाणं खाचेत उभं धरलं. नाण्याची चंदेरी कड पूर्ण आत गेली. म्हणजे चार मिलिमीटरच्या वर.

अप्पांनी रबरात नख रुतवून बघितलं. “खोल आहे, पण मेलेला आहे. दगड झालाय याचा.”

“अप्पा, इथे जर्मनीत नियम असतात.”

“बरं. तू दारं कर. चाकांचं मी बोललो, झालं.”

मी तिथेच होते. मला अप्पांचं पटलं होतं आणि मी सागरची बाजू घेतली. तो शिकलेला आहे ना...

सागर तेच टायर लावून घरात गेल्यावर अप्पांनी उतरवलेल्या उन्हाळी टायरांवर ईराच्या रस्त्यावर चित्रं काढायच्या निळ्या खडूनं लिहिलं. पु. डा. म्हणजे पुढचा डावा, पु. उ., मा. डा., मा. उ. “परत लावताना कुठला कुठे होता ते कळायला पाहिजे,” म्हणाले. अक्षर मोठं, गोल, प्रत्येक अक्षराला नीट रेघ.

जाताना एअरपोर्टवर मला बाजूला घेतलं. “सूनबाई, सागरला मध्ये घेऊ नकोस. बर्फ पडायच्या आत डोंगरवाले घे. गाडी तू चालवतेस, पोरगी मागं बसते. तुला जर्मन वाचायची गरज नाही, चित्र बघायचं.” मी हो म्हटलं. आणि घेतले नाहीत. वर्कशॉपला फोन करायचा, जर्मनमध्ये बोलून टेर्मिन, म्हणजे अपॉइंटमेंट, घ्यायचा, या भीतीनं आज करते, उद्या करते करत राहिले. डिसेंबरात त्यांनी व्हिडिओ कॉलवर विचारलं, “डोंगरवाले लावले ना?” आणि मी म्हटलं, “लावले अप्पा.”

मग जानेवारीत तो उतार.

सागर धावत आला, मी रडत सगळं सांगितलं. तो बर्फातल्या त्या चाकाशी बराच वेळ उकिडवा बसून राहिला. दुसऱ्या दिवशी वर्कशॉपला फोन मीच केला, मोडकंतोडकं बोलले, आणि त्यांना कळलं! तिथल्या माणसानं खुणा करून, चित्रं काढून समजावलं. एम प्लस एस कुठलीही कंपनी स्वतःच लिहू शकते, त्याला परीक्षा नाही. डोंगराचं चित्र बर्फावर टायर चालवून बघितल्यावरच मिळतं. पूर्वी इथे नुसती ती अक्षरं चालायची, आता कायद्यानंही चालत नाहीत. मी नव्या टायरच्या लेबलवरच्या ए अक्षरावर बोट ठेवलं, हा चांगला ना? तो म्हणाला, नाइन, म्हणजे नाही, ते ओल्या रस्त्यावरची पकड सांगतं, पावसात. बर्फासाठी हे चित्र वेगळं. म्हणजे शब्दन् शब्द अप्पांचाच.

टायर लागल्या लागल्या तिथूनच मी अप्पांना कॉल लावला. खरं सांगायचं ठरवून लावला. फोन टायरजवळ धरला.

“जवळ घे... अजून... हां. डोंगर. फूल. झकास.” मग ते स्क्रीनच्या आणखी जवळ आले. “जावळ आहे की गं अजून,” ते म्हणाले.

डिसेंबरात लावलेल्या टायरला जानेवारीत जावळ कसं राहील... “अप्पा, मी तुम्हाला...”

“ईरा बरी आहे?”

“बरी आहे.”

“तू?”

“बरी आहे.”

“मग झालं. पहिले काही दिवस दमानं चालव. नवा टायर जरा घसरतो.”

पुन्हा कधी त्यांनी तो विषय काढला नाही. मीही नाही. मला सांगायचं होतं, पण पुढच्या आठवड्यात सांगू, त्याच्या पुढच्या आठवड्यात... तेही टेर्मिनसारखंच झालं.

आता ईस्टर होऊन गेलं. बाहेर ऊन आहे, लोक टीशर्टवर फिरतायत आणि आमच्या गाडीला अजून थंडीचे टायर आहेत. त्यांचं रबर मऊ असतं, उन्हात झिजतं आणि ब्रेकही लांब लागतो. सागर दोनदा म्हणाला, बदलूया. मी केलरमध्ये जाते. चार टायर एकावर एक, वरचा पुढचा डावा, त्यावर निळ्या खडूत अप्पांचं अक्षर, कुठेच पुसलेलं नाही. वर्कशॉपवाले आधी चाकं धुतात. आम्ही घरी लावले तरी पहिल्या पावसात अक्षर जाणार. सागर म्हणतो, फोटो काढून ठेव. काढला. पण टायरवर बोट ठेवलं की बोटाला थोडा निळा लागतो, फोटोला काही लागत नाही. म्हणून हल्ली बोटही ठेवत नाही.

अप्पा असते तर ओरडले असते, पोरगी मागं बसते आणि तू अक्षरं काय सांभाळतेस... हे मला कळतं. एकदा त्यांचं ऐकलं नाही तर काय झालं ते मी बघितलंय. शुक्रवारचा टेर्मिन मी घेतलाय, स्वतः फोन करून. तरी रोज खाली जाऊन बघते आणि वाटतं, रद्द करावा.

तुम्ही माझ्या जागी असता तर काय केलं असतं?