वाटेवरची नावं

शनिवारी शाळा सुटली की मी बारामतीला घरी जायला निघायचे आणि मायाप्पा तात्या अंगणातल्या बाजेवर उठून बसायचे. "बाई, गाडीत कोन कोन हाय?" हा त्यांचा ठरलेला प्रश्न. मी सांगायचे, आम्ही तिघी शिक्षिका आणि एक ग्रामसेवक. तेवढ्यानं त्यांचं भागत नसे. त्यांना नावं हवी असत. ती सांगून संपवली की शेवटी हळूच, "आन् डायवर?" जीपच्या ड्रायव्हरचं नाव मला दोन महिने ठाऊक नव्हतं. तात्यांपायी मला ते विचारावं लागलं. त्या माणसानं ते सांगताना माझ्याकडे अशा काही नजरेनं बघितलं की पुढे मी कायम मागच्या सीटवर बसत आले.

नावं ऐकून झाली की तात्या डोळे मिटून ती पुटपुटत. तोवर जीपवाला हॉर्न वाजवून वाजवून दमलेला असे. एकदा मी चिडून म्हटलं, "तात्या, तीस-चाळीस किलोमीटर तर जायचंय. मी काय काशीला निघालेय का?" आणि नावं न सांगताच मी जीपमध्ये बसले. सोमवारी मी परत येईपर्यंत त्यांना नीट जेवण गेलं नव्हतं, असं जनाकाकूंनी मला नंतर सांगितलं. त्यानंतर मी मुकाट्यानं नावं सांगू लागले.

इंदापूर तालुक्यातल्या वरकुट्याच्या शाळेवर माझी बदली झाली तेव्हा मी तात्यांच्या घरातली पुढची खोली भाड्यानं घेतली. घरात तात्या आणि त्यांची भावजय जनाकाकू, एवढी दोनच माणसं. तात्यांची बायको कधीच वारली होती, मूलबाळ नव्हतं. धाकटा भाऊ सोमा पंधरा वर्षांपूर्वी मेंढरं महामार्गापलीकडे नेताना टेम्पोखाली गेला. जनाकाकू सोमाची बायको. त्यांचा मुलगा बिरू आता चोवीस वर्षांचा, लग्न झालेला. घरचा दोन एकर ऊस होता, पण बिरूचा जीव मेंढरांत. दिवाळी झाली की तो, त्याची बायको, तान्हं पोर, दोन चुलत भाऊ आणि दोनशे मेंढरं असा सगळा वाडा कोकणच्या वाटेला लागे, तो पावसाच्या तोंडावर परत. त्यांच्या बोलीत वाडा म्हणजे ही अशी चालती बिऱ्हाडं, घोड्यांवर लादलेल्या संसारासकट.

तात्यांची आणि माझी खरी गट्टी जमली ती एका तक्त्यामुळे. आपापल्या गावातल्या लोकांचे, त्यांच्या चालीरीतींचे विस्मरणात चाललेले शब्द जमवा, असं आम्हा शिक्षकांना सांगण्यात आलं होतं. तक्त्यात तीन रकाने होते: शब्द, अर्थ, वाक्यात उपयोग. मी वही घेऊन बाजेपाशी बसले. वाघर म्हणजे मेंढरांभोवती लावायचं जाळं. सनगर म्हणजे घोंगड्या विणणारे लोक. हेळवी म्हणजे घरोघरच्या पिढ्यांची नावं तोंडपाठ सांगणारा, बैलावर बसून येणारा माणूस. भाकणूक म्हणजे जत्रेत देवापुढे उभं राहून पुढच्या वर्षाचं पाऊसपाणी सांगणं. तात्या सांगत होते आणि मी खुशीत रकाने भरत होते. मग मी विचारलं, "आणि सुंबरान?"

तात्यांचा चेहरा उतरला. "त्यो नगा लिवू."

"का बरं? ओवीच्या सुरुवातीला देवांची आठवण काढतात, तेच ना?"

"त्येच. पर त्यो तुमच्या वाक्यात न्हाय बसायचा, बाई. त्यो माळावरच बरा हाय."

मी हसले आणि तो रकाना मोकळा ठेवला. हसायला नको होतं, हे मला पुढे कळलं.

त्यांच्या घरची एक रीत होती. इतर घरांत ती असते की नाही, मला माहीत नाही. वाडा निघायच्या दिवशी सकाळी घरातल्या कर्त्यानं माळावर सुंबरान मांडायचं. आधी बिरोबा, म्हस्कोबा, खंडोबा, मायाक्का आणि मग वाटेवर निघालेल्या प्रत्येकाचं नाव. थोरल्यापासून तान्ह्यापर्यंत. घोड्यांची नावं घ्यायची, कुत्र्यांचीही घ्यायची. ज्याचं नाव घेतलं तो देवाच्या नजरेत राहिला. नाव राहिलं तर तो माणूस वाटेवर एकटा. गुडघे गेल्यापासून तात्या वाटेवर जात नसत, पण सुंबरान त्यांचंच होतं. आदल्या आठवड्यापासून त्यांची झोप उडे. बोटांवर नावं मोजत ते अंगणात फेऱ्या घालत. "कुनी नवं येनार हाय का रं संगं? आत्ताच सांगा. ऐन टायमाला सांगू नगा," असं बिरूला दिवसातून चारदा विचारत. बिरू कंटाळून म्हणे, "तात्या, आमी काय लढाईला चाल्लोय व्हय?"

माझ्या दुसऱ्या वर्षी तात्यांची धाप वाढली. सुंबरानाच्या मध्येच त्यांचा दम तुटला आणि शेवटची नावं जनाकाकूंनी कशीबशी पुरी केली. बायकांनी सुंबरान म्हणायचं नसतं, असं कुणीतरी मागून पुटपुटलंही. इंदापूरच्या डॉक्टरांनी सांगितलं, छातीला ताण द्यायचा नाही, ओरडायचं नाही. पुढच्या दिवाळीला सुंबरान बिरूकडे द्यायचं, हे उघडच होतं. बिरूचा आवाज खणखणीत होता, पाठांतर पक्कं होतं. मला वाटलं, तात्यांच्या डोक्यावरचं ओझं उतरेल. पण त्यांची तगमग उलट वाढली. जेवताना हात थांबे. जनाकाकू भाकरी वाढायला आल्या की ते मान वर करत नसत.

दसऱ्याच्या सुमारास एका दुपारी काकू रानात गेल्या होत्या. तात्यांनी मला हाक मारली. "बाई, दार ओढून घ्या. तुमच्याफुडं येकदा बोलून बघतो. जमलं तर बिरूफुडं बोलीन."

मी दार ओढलं.

"सुंबरान देताना त्यातली चूकबी द्यावी लागती," तात्या म्हणाले. "आमच्या आबांनी मला दिलं तवा सांगितलं व्हतं, मी अमक्या साली अमकं चुकलो, तू चुकू नगंस. चूक झाकून दिलं तर ते नासतं. आन् माजी चूक..." त्यांना धाप लागली. मी पाणी दिलं. ते त्यांनी हातात धरून ठेवलं.

सोमा गेला त्या वर्षी दोघा भावांचं भांडण झालं होतं. तात्यांचं म्हणणं, निम्मी मेंढरं विकून बोअर पाडू, ऊस वाढवू. सोमा म्हणाला, माझ्या जिवात जीव आहे तोवर एक कोकरू विकू देणार नाही. चार दिवस दोघं बोलत नव्हते. पाचव्या दिवशी वाडा निघाला. ढोल वाजत होता, घोडी उधळत होती, बायका भांडी बांधत होत्या.

"समद्यांची नावं घेतली, बाई. जनाचं घेतलं. बिरू नऊ वर्साचा व्हता, त्याचं घेतलं. कुत्र्याचं बी घेतलं. भावाचं न्हाय घेतलं." तात्या जमिनीकडे बघत होते. "इसरलो न्हाय. ओठापतुर आलं व्हतं. राग आला व्हता, गिळलं. म्हनलं, बघ म्हना. दीड म्हैन्यानं फोन आला."

कुणीही शिकलेलं माणूस बोलेल तेच मी बोलले. "तात्या, टेम्पोवाल्याची चूक. नाव घेण्या न घेण्यानं काय होतंय?"

"तुमी शाळंतलं सांगताय," ते शांतपणे म्हणाले. "मी तिच्या हातची भाकर खातोय पंधरा वर्सं. तिला ह्ये कळलं तर ती काय म्हनंल? आन् त्यो पोरगा? बाच्या जागी मानतोय मला."

शिक्षकी पेशात एक खोड लागते. समोरच्याला काय करावं ते लगेच सांगून मोकळं व्हायचं. मी म्हणाले, "सांगून टाका. मन मोकळं होईल. बिरू समजूतदार आहे." आज ते आठवलं की माझा मलाच राग येतो.

दिवाळी झाली. वाडा निघायच्या दिवशी मी शाळेकडे चालले होते. माळावर मेंढरं वाघरीत होती आणि बिरू एका बाजूची वाघर सोडून गुंडाळत होता. तात्या काठी टेकत त्याच्यापाशी गेले. मी लांब होते, शब्द ऐकू येत नव्हते. तात्या बोलत होते आणि बिरूचे हात वाघर गुंडाळत होते. मग ते हात थांबले. माझी शाळेची वेळ टळून गेली तरी मला तिथून हलता येईना. मग बिरूनं उरलेली वाघर गुंडाळली, खांद्यावर टाकली आणि काहीही न बोलता तो घोड्यांकडे गेला.

सुंबरान त्यानंच मांडलं. एक नाव चुकलं नाही. तात्या बाजूला उभे राहून ओठांनी मोजत होते. निघताना बिरू सगळ्यांच्या पाया पडला, तात्यांच्याही. पण त्यांच्याकडे बघितलं नाही.

त्यानंतरचे तीन महिने त्या घरात राहणं मला जड गेलं. बिरूचा फोन जनाकाकूंच्या मोबाइलवर यायचा. रिंग वाजली की तात्या बाजेवर सरळ होऊन बसायचे. काकू मेंढरांचं, सुनेचं, नातवाचं विचारायच्या आणि फोन ठेवायच्या. "मला काय म्हनला का?" तात्या विचारायचे. "बरं हाय म्हनला," काकू सांगायच्या. एवढंच. बिरूनं काकूंना काही सांगितलंय का, हे त्यांच्या चेहऱ्यावरून ओळखायचा तात्या प्रयत्न करायचे, आणि मीही. काकू नेहमीसारख्याच भाकऱ्या थापत होत्या. एकदा मी स्वतःहून बिरूला फोन लावला. "तात्या तुझी वाट बघतात रे. दोन शब्द बोल." पलीकडून घंटांचा आवाज येत होता. "आलो की बोलतो, बाई," तो म्हणाला आणि फोन बंद झाला. हे तात्यांना सांगितलं तेव्हा त्यांनी हिशेब केला, अजून चार महिने. "ऱ्हातो मी तवर," असं जणू माझी समजूत काढावी तसं ते म्हणाले.

राहिले नाहीत. माघात एका सकाळी त्यांना श्वास घेता येईना. बारामतीच्या दवाखान्यात न्यायला गाडी आली. त्यांना उचलून आत ठेवलं तेव्हा त्यांनी माझा हात धरला आणि काहीतरी विचारलं. आवाज फुटत नव्हता, पण मला कळलं. गाडीतल्या सगळ्यांची नावं मी त्यांना सांगितली, ड्रायव्हरचंही. दवाखान्याच्या दारापर्यंत पोचलो तेव्हा ते गेलेले होते.

बिरू तिसऱ्या दिवशी पोचला, सगळं उरकल्यावर. मेंढरं भावांवर सोपवून, मिळेल त्या गाडीनं आला होता. रिकाम्या बाजेशेजारी तो जमिनीवर बसला. मी उंबऱ्यात होते, काकू चुलीपुढे.

"मला लय राग आला व्हता, बाई," तो माझ्याकडे न बघता म्हणाला. "आठ दिसांनी उतरला. मंग फोनवर काय बोलावं कळंना. म्हनलं, समोर बसून बोलू." मग त्यानं मान आईकडे वळवली. "आये, तुला ठावं हाय का, बा गेला त्या साली तात्यानं..."

"त्यांचं नाव घेतलं न्हाय," काकू म्हणाल्या. त्यांनी हातातली लाकडं चुलीत सारली. "ठावं हाय की. मी तितंच हुबी व्हते. माज्या मालकाचं नाव ऱ्हायलेलं मला कळनार न्हाय व्हय?"

बिरू उठून चुलीपाशी आला.

"पयल्याच मुक्कामाला मी ह्यांना बोलले, भावजींनी तुमचं नाव घेतलं न्हाय. तर हसले. म्हनले, दादा इसरला आसंल, येवढ्या गडबडीत. माजं मीच घेतो. आन् घेतलं बी स्वताचं, समद्यांफुडं, हसत हसत." काकूंनी पदरानं चेहरा पुसला. "मंग मला म्हनले, दादाला ह्ये कुनी सांगू नगा. त्यो लय जिवाला लावून घेतो. न्हाय सांगायचं म्हनून मला शपत घातली."

"इसरला न्हवता तात्या, आये. रागानं गिळलं व्हतं. त्यानंच सांगितलं मला," बिरू म्हणाला. काकू बाजेकडे बघत होत्या.

"मला वाटलं, भावजी खरंच इसरले व्हते. त्यांना ठावंच न्हाय," त्या म्हणाल्या. "त्यांना कधी कळू नये म्हनून पंधरा वर्सं जपलं मी."