तबकडीची दुसरी बाजू

हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या, कारण पुढे तुम्ही चहा पीत असणार आणि मग ठसका लागला तर माझ्या नावाने बोंब नको. आयुष्यात मी एकच गोष्ट गाजवली, आणि तीही माझ्या मूर्खपणाने. ऐकायचंय? मग बसा नीट!

तेव्हा नंदुरबार धुळे जिल्ह्यात होतं आणि आम्ही ऐन विशीत होतो. माझा मावसभाऊ मुंबईला गोदीत कामाला. तो सुट्टीत आला आणि म्हणाला, "मधू, परदेशात पोरं केस वाढवून गिटार बडवतात. त्याला रॉक म्हणतात. पोरी वेड्या होतात!"

केस तर आमचेही वाढलेले होते. न्हावी उधार देत नव्हता म्हणून. राहिली गिटार. ती मावसभावाने जुन्या बाजारातून आणून दिली, एक तार कमी असलेली. झाला आमचा बँड! नाव ठेवलं 'न्यू तापी रॉक पार्टी'. आता 'न्यू' कशाला? जुनी कुठे होती? पण सगळ्या बँडवाल्यांचं नाव 'न्यू'नेच सुरू व्हायचं, म्हटलं आपण का मागे राहायचं?

मी गिटार आणि गळा, गोटू हार्मोनियमवर आणि ढोलावर रूपसिंग. रूपसिंग काठी गावचा. आता काठीची होळी ज्याने पाहिली त्याला मी ढोल काय ते सांगायला नको. तिथे नाचणारे हात वर करून आरोळी देतात, की ढोलवाला आणखी चढतो. ते पुन्हा हात वर करतात, हा पुन्हा चढतो. थांबणं-बिंबणं नाहीच, होळीचा उंच बांबू जळून आडवा होईपर्यंत! आमच्याकडच्या लग्नांतही तेच. वऱ्हाड्याने हात वर केला म्हणजे 'होऊ दे अजून'!

हे लक्षात ठेवा हं. पुढे कामाला येणार आहे.

आता खरी गोम. धानोऱ्याच्या दौलतआप्पांची मुलगी शेवंता माझ्या डोळ्यांत भरली होती. मी मोठ्या हिमतीने मागणी घातली. आप्पांनी मला डोक्यापासून पायापर्यंत बघितलं, केसांवर जरा जास्त वेळ, आणि म्हणाले, "मन्ही पोर वाजंत्रीले देऊ? आधी तुन्हा गळा जगले ऐकू येऊ दे, मंग दखसूत!"

झालं! जगाला गळा ऐकू येणार कसा? तर तबकडीतून! आणि योग बघा, नवापूरच्या एका लग्नात सुरतेच्या शेठजींनी आम्हाला ऐकलं. त्यांचा मुंबईच्या एका छोट्या रेकॉर्ड कंपनीत वशिला होता. आम्ही तिघे ढोलासकट गाडीत बसलो. ढोलाला खिडकीची जागा दिली, मी उभ्याने गेलो.

मुंबईच्या रेकॉर्डिंगच्या खोलीत काचेपलीकडे एक साहेब बसलेला. त्याने इंग्रजीतून भराभरा काहीतरी समजावलं आणि हात वर करून दाखवला. आता मी इंग्रजीत तीनदा मॅट्रिक नापास माणूस. पण या दोघांसमोर पडतं कसं घेणार? मी आपला, "येस सर, येस सर!"

गोटूने विचारलं, "काय म्हणना रे साहेब?"

मी छाती काढून सांगितलं, "काही नाही रे. त्याने हात वर केला म्हणजे त्याला आवडलं. मग जोरात वाजवायचं. सगळीकडे हीच रीत असते!"

रूपसिंगने मान डोलावली. त्याला ते एकदम पटलं. पटणारच हो!

पहिल्या बाजूला माझं गाणं. मीच रचलेलं, 'धानोऱ्याच्या वाटेवरी कोण उभी शेवंती'. डोळे मिटून असं काही गायलो, असं काही गायलो, की माझेच डोळे पाणावले. गाणं वेळेत संपलं. साहेबाने हात वर करायचा प्रश्नच आला नाही. मला जरा वाईटच वाटलं, म्हटलं आवडलं नाही की काय याला?

दुसऱ्या बाजूला काय? काहीतरी नाचाचं वाजवा, कंपनीवाले म्हणाले. आम्ही सुरू केलं. वेळ भरत आली तसा साहेबाने हात वर केला.

रूपसिंगचा चेहरा खुलला. ढोल चढला!

साहेबाने दोन्ही हात वर केले. रूपसिंग आणखी चढला! गोटू हार्मोनियमवर आडवा झाला. साहेब खुर्चीवरून उठून काचेमागे उड्या मारायला लागला. मी म्हटलं, वा! मुंबईचा साहेब नाचतोय आपल्या वाजवण्यावर! मीही गिटार पिटली, आणखी एक तार तुटली.

मग माझं साहेबाच्या तोंडाकडे लक्ष गेलं. खूश झालेल्या माणसाचं तोंड तसं नसतं हो! माझ्या डोक्यात लख्ख उजेड पडला आणि मी जिवाच्या आकांताने ओरडलो, "आरे थांब ना भो, थांब! कितला वाजाडशी?"

कुठे ओरडलो? माईकसमोर!

ढोल थांबला. रूपसिंग रागावला. "तूच सांगं व्हतं ना, हात वर व्हयना का जोरमा वाजाडानं!"

साहेब दार उघडून आला. मला वाटलं आता मारतो. तो मटकन खाली बसला आणि पोट धरून हसत सुटला. म्हणाला, "यही रखेंगे! चिल्लाना भी रखेंगे!"

पुढे तबकडी नंदुरबारला आली. स्टेशनासमोरच्या चहाच्या हॉटेलात तबकड्या वाजवायचा फोनो होता. मी नवा बुशशर्ट घालून, केसांना तेल चोपडून जाऊन बसलो. आता माझं गाणं लागणार! हॉटेलवाल्याने लावली की हो दुसरीच बाजू. शेवटी माझी आरोळी आली आणि अख्खं हॉटेल खो खो हसलं.

"मालक, गाण्याची बाजू लावा ना."

"लावतो ना भाऊ, पण आधी ही परत एकदा!"

ते 'परत एकदा' कधी संपलंच नाही. लग्नात तीच बाजू, जत्रेत तीच बाजू. लाउडस्पीकरवाले सुईवर सुई झिजवायचे. मी रस्त्याने निघालो की पोरं ओरडायची, "थांब ना भो!" एसटीचा कंडक्टरसुद्धा घंटी न मारता तेच ओरडायचा आणि ड्रायव्हर गाडी थांबवायचा!

आणि एक दिवस धानोऱ्याहून निरोप आला. शेवंताचा होकार आहे, आप्पाही तयार आहेत! अहो, मी हवेत! म्हटलं, जगाने नाही ऐकलं तरी जिच्यासाठी गायलो तिने ऐकलं. आणखी काय पाहिजे माणसाला? खरंच सांगतो, त्या दिवशी मी रडलो.

आप्पांची अट एकच. "गोरज मुहूर्त शे. मुहूर्त चुकना ते वरात तशीच मांगे धाडी दीसू!"

लग्नाच्या दिवशी मी घोड्यावर, पुढे आपलाच बँड. गावाने एकच फर्माईश केली, दुसरी बाजू! रूपसिंगने ढोल धरला आणि धानोऱ्याची माणसं हात वर करून नाचायला लागली. झालं ना मग! सूर्य टेकला, गुरं घरी परतली, मांडवाच्या दारातून भटजी पंचा हलवून बोलावताहेत आणि वरात तसूभर हलेना.

घोड्यावरून मी ओरडलो, "आरे थांब ना भो, थांब!"

सगळं गाव माझ्याबरोबर ओरडलं, "कितला वाजाडशी!" आणि नाच दुप्पट!

"अरे, मी खरंच सांगतोय!"

"खरंच सांगस तो! वाजाड रे!"

शेवटी आप्पा धावत आले. रागाने लालबुंद. गर्दीत शिरले आणि थांबवायला त्यांनी काय करावं? दोन्ही हात वर केले!

रूपसिंगने सासऱ्यांचा मान राखला. असा वाजवला, असा वाजवला की नाचणाऱ्यांनी आप्पांना खांद्यावर घेतलं. मी डोळे मिटून घेतले. गेली शेवंता!

तेवढ्यात ढोल एकदम बंद. बघतो तर मुंडावळ्या बांधलेली शेवंता मांडवातून चालत आलेली आणि तिने दोन्ही तळवे ढोलावर ठेवलेले. म्हणाली, "रूपसिंगभाऊ, आते लगीन लागू द्या."

गोरज टळता टळता अक्षता पडल्या. आप्पा धापा टाकत पाटाशेजारी बसले. बायका म्हणाल्या, नवरीबाई, नाव घ्या. मी मान जरा उंच केली. वाटलं, आता माझ्या गाण्याचं नाव निघणार. शेवंताने माझ्याकडे तिरकं बघितलं आणि खणखणीत आवाजात म्हणाली,

"तबकडीले बाजू दोन, गाणं यासनं ऐकस कोन?
बोंब ऐकीसनच दिन्हा व्हकार, मधुकरराव, आते घरमा बोंबलू नका फार!"

सगळ्यात आधी हसले ते आप्पा. मग अख्खा मांडव. भटजींना तर पुढचा मंत्र आठवेना.

तबकडी अजून आहे घरात. एक बाजू झिजून पांढरी पडलीय, दुसरी कालच आणल्यासारखी कोरी. आज तुम्ही आलाच आहात तर ती गाण्याची बाजू लावतो. पाच मिनिटांचं काम. अहो, उठताय कुठे? चहा तर संपू द्या! बसा, फोनो काढतो…

काय गं? आतून काय म्हणालीस?

ऐकलंत? स्वयंपाकघरातून! "थांब ना भो!"