खिडकीतला टीव्ही

शाळेतल्या नाटकासाठी नातवाला मिशी लावायची होती. डिंकाची बाटली उघडली आणि त्या स्पिरिटच्या उग्र वासासरशी मी थेट रिसोडला, शेजारच्या विमलकाकूच्या अंगणात जाऊन बसले.

सत्तरच्या दशकातली गोष्ट. आमच्याकडे कुणी टीव्ही पाहिलेला नव्हता. काकूचा भाऊ मुंबईहून आला आणि सांगू लागला की, तिकडे आता एकांकिका टीव्हीवर दाखवतात. काकू लग्नाआधी जिच्यात नवऱ्याचं काम करायची, ती एकांकिकासुद्धा त्याने पाहिली. काकूचे डोळे चमकले. पण तिचे सासरे, बापू, यांची ताकीद होती, "सून स्टेजवर चढनार नाही."

"स्टेजवर कोन चढून राह्यलं? मी तं टीव्हीत बसून राह्यली," काकू म्हणाली आणि तिने माजघराच्या खिडकीचाच टीव्ही केला.

संध्याकाळी सारी आळी अंगणात पोत्यांवर बसली. बापू बाजेवर, पाठ फिरवून. खिडकीत तसल्याच डिंकाने मिशी चिकटवलेली काकू नवरा-बायको दोघांचंही बोलत होती आणि आमची हसून मुरकुंडी वळत होती. ऐन भांडणात मिशी सुटून पडली. ती शोधायला काकू खाली वाकली. खिडकी रिकामी!

तशी बापू तरातरा उठले आणि त्यांनी बंद पडलेल्या रेडिओला मारतात तशी खिडकीच्या दाराला थापड मारली. "काहून बंद पडला बे? पुढचं दाखव!"

उलटी मिशी लावून काकू वर आली.

बापूंना टीव्ही कळत नाही म्हणून आम्ही तेव्हा पोट धरून हसलो होतो. आज वाटतं, त्यांना सगळं कळत होतं.